दोन जन्मतारखा, एक पासपोर्ट: इक्वाडोरच्या एका बचावपटूचं प्रकरण

हे प्रकरण इक्वाडोरच्या फुटबॉल संघाकडून उजव्या बगलेवर खेळणाऱ्या एका बचावपटूचं आहे. त्याचं नाव इथे घेतलेलं नाही. ज्या कागदांवरून वाद झाला ते तयार झाले तेव्हा तो लहान होता, आणि या लेखाचा विषय तो माणूस नसून त्याच्याभोवती मोठ्यांनी घेतलेले निर्णय आहेत. महासंघ, निकाल, तारखा आणि गुणतक्ते मात्र खरे आहेत आणि जसेच्या तसे दिले आहेत.

२०२२ च्या विश्वचषकाआधी सहा महिने या एका खेळाडूच्या जन्मदाखल्यावर तीन देशांचं कतारचं तिकीट टांगणीला लागलं होतं. इक्वाडोर पात्र ठरलेला होता. चिली म्हणत होता, ती जागा आमची. पेरू म्हणत होता, इक्वाडोर गेला तर आम्ही.

पार्श्वभूमी

कोलंबियाच्या नैऋत्य टोकाला, पॅसिफिकच्या काठावर तुमाको नावाचं बंदर आहे. आजूबाजूला खारफुटी आणि नद्या, दक्षिणेला थोड्याच अंतरावर इक्वाडोरची सीमा. पलीकडे एस्मेराल्दास प्रांतातलं सान लोरेन्सो. दोन्ही बाजूंना आफ्रिकी वंशाची वस्ती, दोन्ही बाजूंना नातीगोती. एक भाऊ अलीकडे, दुसरा पलीकडे, अशी घरं तिथे नवलाची नाहीत. फुटबॉलच्या बाबतीत हा पट्टा कमालीचा सुपीक. विलिंग्टन ओर्तिस आणि डावा बचावपटू पाब्लो आर्मेरो हे तुमाकोचे. इक्वाडोरचा सर्वाधिक गोल करणारा एन्नर वालेन्सिया सान लोरेन्सोचा.

या पट्ट्यातल्या गुणी पोरांना पैसे देणारे क्लब मात्र दक्षिणेला, ग्वायाकिलमध्ये. तिथल्या वयोगटांच्या संघांत नाव घालायचं तर जन्माचा कागद लागतो, आणि गोम तिथेच आहे. १३ वर्षांच्या गटात १६ वर्षांचा मुलगा उतरला तर तो धावण्यात, उडीत, धक्क्यात सरस ठरणारच. बचावपटूच्या बाबतीत हा फरक जास्त फसवा असतो. आघाडीवीराचं कसब पायात दिसतं. कोवळ्या वयातल्या बचावपटूला निवडताना मात्र प्रशिक्षक बहुतेक वेळा त्याची चण आणि अंगाला अंग भिडवण्याची ताकद पाहतात. वय तीन वर्षांनी कमी लागलं की त्या ताकदीलाच प्रतिभा समजलं जातं.

या खेळाडूच्या इक्वाडोरच्या कागदांवर जन्म नोव्हेंबर १९९८, ठिकाण ग्वायास प्रांतातलं हेनेराल विलामिल प्लायास. चिलीने पुढे मांडलेल्या कोलंबियाच्या कागदांवर जन्म जून १९९५, ठिकाण तुमाको. फरक तीन वर्षं आणि साडेचार महिन्यांचा.

कागदावरची तारीख आणि खरी तारीख वेगळी असणं मराठी वाचकाला अनोळखी नाही. आपल्याकडच्या एका पिढीतल्या कितीतरी लोकांचा जन्म १ जूनचा आहे, कारण गुरुजींनी शाळेत नाव घालताना तीच लिहिली. तो कागद पुढे नोकरीला चालला, निवृत्तीला चालला, कोणाचं बिघडलं नाही. पण तोच माणूस वयोगटाच्या स्पर्धेत किंवा देशाच्या संघात उतरला असता, तर त्या एका ओळीवर सामन्याचे गुण लटकले असते.

अडचण नेमकी काय होती

या प्रकरणात दोन प्रश्न होते आणि सगळा घोळ ते एकत्र करण्यातून झाला.

पहिला प्रश्न: हा खेळाडू इक्वाडोरचा नागरिक आहे का? याचं उत्तर इक्वाडोरचा कायदा आणि इक्वाडोरची न्यायालयं देतात. फिफाच्या नियमावलीतलं कलम ५ एवढंच मागतं की नागरिकत्व कायमचं असावं, कुठल्या देशातल्या वास्तव्यावर अवलंबून नसावं.

दुसरा प्रश्न: महासंघाने फिफापुढे जो पासपोर्ट ठेवला, त्यावरचा मजकूर खरा आहे का? हा नागरिकत्वाचा प्रश्न नाही, शिस्तीचा आहे. तेव्हा लागू असलेल्या फिफाच्या २०१९ च्या शिस्तपालन संहितेत त्यासाठी वेगळं कलम होतं, २१ वं: बनावट आणि खोटा मजकूर असलेले कागद. अपात्र खेळाडू उतरवल्याबद्दल सामना गमावण्याची शिक्षा होती ती पुढच्या, २२ व्या कलमात.

माणूस नागरिक असू शकतो आणि त्याच्या पासपोर्टावरची जन्मतारीख तरीही चुकीची असू शकते. दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या असू शकतात. इक्वाडोरच्या महासंघाने पहिल्या प्रश्नाचं उत्तर मिळवलं आणि दुसऱ्याचंही मिळालं असं धरून चालला.

२०१८ ते २०२१: शंका होती, वेळही होता

शंका चिलीने प्रथम काढली असा समज आहे, तो बरोबर नाही. २०१८ मध्ये इक्वाडोरच्याच महासंघाची एक चौकशी समिती तरुण खेळाडूंचे कागद तपासत होती आणि तिने या खेळाडूची मुलाखत घेतली होती. त्यानंतर काही काळ पदाधिकारी त्याला राष्ट्रीय संघात बोलवायला कचरत होते. क्लबकडून तो खेळत राहिला, ग्वायाकिलच्या बार्सेलोना क्लबमध्ये नियमित झाला, आणि उजव्या बगलेवरून वर-खाली सतत धावणारा असा बचावपटू देशाला हवाच होता.

जन्माची नोंद तपासतात कशी, हे इथे जवळून पाहायला हवं. इक्वाडोरमध्ये नागरी नोंदणी कार्यालयाच्या जन्मनोंदीला तीन आकडे असतात: खंड, पान आणि नोंद क्रमांक. खेळाडूच्या हातातला दाखला म्हणजे त्या नोंदीचा उतारा. तो छापील असतो, त्यावर शिक्का असतो, आणि त्यावरून काहीच कळत नाही. कळतं ते मूळ वहीवरून. त्या पानावर हाच क्रमांक आहे का. आधीची आणि नंतरची नोंद कोणत्या तारखेची. जन्म आणि नोंदणी यांत किती अंतर. माहिती देणारा कोण, साक्षीदार कोण. मग आईवडिलांची नावं घेऊन सीमेपलीकडच्या नोंदणीत शोधायचं, कारण दोन देशांतली नोंद एकमेकांना आपोआप दिसत नाही. आडनावं तीच, पहिलं नाव थोडं फिरवलेलं, तारीख वेगळी, अशी दुसरी नोंद सापडली की प्रश्न उभा राहतो.

हाडांच्या चाचणीचा इथे उपयोग नव्हता. भारतात वयचोरी पकडायला डाव्या हाताच्या पंजाचा आणि मनगटाचा एक्स-रे काढून टीडब्ल्यू-३ या, हाडांच्या वाढीवरून वय ठरवण्याच्या पद्धतीने वय काढतात. फिफा १७ वर्षांखालील स्पर्धांत मनगटाचा एमआरआय करते. पण मनगटाची वाढपट्टी एकदा पूर्ण जुळली की पुढे हाड बोलत नाही. २३ वर्षांचा माणूस आणि २६ वर्षांचा माणूस यांच्या मनगटात फरक दिसत नाही. मुलगा १४-१५ वर्षांचा असताना जे सहज कळलं असतं, ते २०२१ मध्ये फक्त कागदांतूनच कळू शकत होतं.

२०२१ मध्ये इक्वाडोरच्या न्यायालयाने त्याचं नागरिकत्व मान्य केलं. महासंघाने तो निकाल हाती घेतला आणि सप्टेंबर २०२१ पासून त्याला पात्रता फेरीत उतरवायला सुरुवात केली. १८ पैकी ८ सामने तो खेळला. त्यात चिलीविरुद्धचे दोन्ही होते: ५ सप्टेंबरला कितोत ०-० आणि १६ नोव्हेंबरला सांतियागोत इक्वाडोरचा २-० विजय.

महासंघापुढचे पर्याय

न्यायालयाचा निकाल आला त्या दिवशी महासंघापुढे किमान चार वाटा होत्या.

सर्वांत सोपी वाट म्हणजे निकाल पुढे करून खेळवायचं. तीच घेतली गेली.

दुसरी, त्याला न बोलावणं. ही सुरक्षित होती, पण खेळाडूवर अन्याय करणारी. ज्याला देशाच्या न्यायालयाने नागरिक म्हटलं त्याला केवळ भीतीपोटी बाहेर बसवणं हा काही न्याय नव्हे.

तिसरी, फिफाकडे आधीच सगळे कागद ठेवून लेखी खुलासा मागणं, २०१८ च्या चौकशीसकट. उत्तर नकारार्थी आलं असतं तर एक बचावपटू गमावला असता. गुण नव्हे.

चौथी वाट लांबची होती आणि मला तीच योग्य वाटते: कागद दुरुस्त करायचे. जन्म दुसरीकडे झाला असेल तर तसं लिहायचं आणि नागरिकत्व रीतसर घ्यायचं. फिफाच्या नियमांत यासाठी जागा होती. २०२० मध्ये बदललेल्या कलम ७ प्रमाणे नवं नागरिकत्व घेतलेल्या खेळाडूला, जन्माचा किंवा आजी-आजोबांचा धागा नसला तरी, वास्तव्यावरून खेळता येतं. वयाच्या १० वर्षांआधी त्या देशात राहायला आला असेल तर ३ वर्षं पुरतात. १० ते १८ च्या दरम्यान आला असेल तर ५, आणि स्थलांतर त्या देशाच्या राष्ट्रीय संघातून खेळण्यासाठी केलं नव्हतं हे दाखवावं लागतं. १८ नंतर आलेल्यालाही ५ वर्षं. जो इक्वाडोरच्या मातीवर लहानाचा मोठा फुटबॉलपटू झाला, त्याच्यासाठी ही वाट बंद नव्हती. वेळखाऊ होती. पण २०१८ ते २०२१ ही तीन वर्षं हातात होती आणि ती वापरली गेली नाहीत, याचं वाईट वाटतं.

चिलीला ही वाट का सुचली

यामागे आधीचा एक अनुभव आहे, आणि त्यातही एक बचावपटूच होता. २०१६ मध्ये बोलिव्हियाने पॅराग्वेत जन्मलेल्या एका बचावपटूला पेरू आणि चिलीविरुद्ध बदली खेळाडू म्हणून उतरवलं. तो पूर्वी पॅराग्वेकडून मित्रत्वाचा सामना खेळलेला होता आणि बोलिव्हियातली त्याची ५ वर्षं भरली नव्हती. चिलीने तक्रार केली. फिफाने दोन्ही सामने बोलिव्हियाविरुद्ध ३-० असे फिरवले, क्रीडा लवादानेही (खेळातल्या वादांचा निवाडा करणारं स्वित्झर्लंडमधल्या लोझानचं न्यायपीठ) २०१७ मध्ये ते कायम ठेवलं.

पण त्या निकालाने चिलीला २ गुण मिळाले आणि पेरूला ३. २०१८ ची पात्रता फेरी संपली तेव्हा दोघांचे २६ गुण झाले, गोलफरकावर पेरू पाचवा आला आणि पुढे रशियाला गेला. तक्रार केली नसती तर चिली २४, पेरू २३. म्हणजे नियम बरोबर वाचूनही चिलीचं नुकसान झालं होतं. २०२२ मध्ये त्यांच्या वकिलांनी आकडे आधी मांडले असणार.

मात्र दोन प्रकरणांतला फरक त्यांनी हलका धरला. बोलिव्हियाच्या खेळाडूचे कागद खरे होते आणि अट अपुरी होती. इक्वाडोरच्या खेळाडूच्या बाबतीत देश त्याला नागरिक म्हणत होता आणि कागदाचा मजकूर खोटा असल्याचा आरोप होता. पहिल्यात कलम २२ थेट लागतं. दुसऱ्यात लागतंच असं नाही.

गुणांचा हिशेब

दक्षिण अमेरिकेतून चार संघ थेट जातात, पाचवा दुसऱ्या खंडातल्या संघाशी प्लेऑफ म्हणजे निर्णायक सामना खेळतो, अशी तेव्हाची पद्धत. मार्च २०२२ ला फेरी संपली तेव्हा मधला तक्ता असा होता: उरुग्वे २८, इक्वाडोर २६, पेरू २४, कोलंबिया २३, चिली १९.

चिलीचा हिशेब साधा होता. इक्वाडोरने अपात्र खेळाडू उतरवला असं ठरलं तर दोन्ही सामने चिलीने ३-० जिंकले असं धरलं जाईल. कितोतल्या बरोबरीचा १ गुण होता, त्याचे ३ होतील. सांतियागोतल्या पराभवाचे ०, तेही ३. एकूण ५ गुणांची भर, म्हणजे २४. पेरूचेही २४. गोलफरक चिलीचा उणे ७ होता. कितोत ३ ची आणि सांतियागोत ५ ची सुधारणा होऊन अधिक १. पेरूचा उणे ३. चिली चौथा, थेट कतारला.

पेरूचा हिशेब वेगळा. इक्वाडोरला नुसतं काढून टाका, मग पुढचा क्रमांक आमचा. पेरू १३ जून २०२२ ला प्लेऑफमध्ये ऑस्ट्रेलियाकडून पेनल्टींवर हरला, त्यामुळे त्यांच्याकडे ही एकच वाट उरली होती.

फिफाचे दोन निकाल

चिलीने मेच्या सुरुवातीला तक्रार दिली. फिफाने ११ मे २०२२ ला कारवाई सुरू केली. १० जूनला शिस्तपालन समितीने तक्रार फेटाळली. चिलीने अपील केलं. सप्टेंबरमध्ये, अपिलाची सुनावणी तोंडावर असताना, एका ब्रिटिश वृत्तपत्राने २०१८ च्या चौकशीतली म्हणून एक ध्वनिफीत प्रसिद्ध केली आणि सगळीकडे एकच गदारोळ उठला. तरीही १६ सप्टेंबरला अपील समितीने तेच सांगितलं: कागदांवरून खेळाडूकडे इक्वाडोरचं कायमचं नागरिकत्व आहे, कलम ५ ची अट पूर्ण होते.

फिफाच्या दोन्ही समित्यांनी पहिल्या प्रश्नाचं उत्तर दिलं. इक्वाडोरमध्ये हा पूर्ण विजय मानला गेला. पण दुसरा प्रश्न तिथेच पडून होता, आणि लोझानच्या क्रीडा लवादापुढे तो पुन्हा पहिल्यापासून उघडणार होता. लवाद फक्त आधीच्या निकालाची तपासणी करत नाही. तथ्यं आणि कायदा दोन्ही नव्याने पाहतो. जूनमध्ये आणि सप्टेंबरमध्ये जिंकलेल्या पक्षाने ही गोष्ट विसरणं महागात पडतं.

लोझान, ८ नोव्हेंबर २०२२

विश्वचषक २० नोव्हेंबरला सुरू होणार होता, म्हणून सुनावणी तातडीने झाली आणि निकाल ८ नोव्हेंबरला आला. चिली आणि पेरू दोघांची अपिलं अंशतः मान्य झाली.

लवादाने म्हटलं, खेळाडू इक्वाडोरकडून खेळायला पात्र होता. नागरिकत्व हा राष्ट्रीय कायद्याचा विषय आहे आणि इक्वाडोरच्या यंत्रणेने त्याला आपला नागरिक मानलेलं आहे. त्यामुळे कलम २२ खाली एकही सामना फिरणार नाही. इक्वाडोर कतारला जाणार.

आणि लगेच पुढे: पासपोर्ट अस्सल आहे, पण त्यातली जन्मतारखेची आणि जन्मस्थळाची माहिती खोटी आहे. असा कागद वापरल्याबद्दल महासंघ कलम २१ खाली जबाबदार. शिक्षा म्हणून पुढच्या विश्वचषकाच्या पात्रता फेरीत ३ गुण कापले जातील आणि १,००,००० स्विस फ्रँक दंड.

अस्सल पासपोर्ट आणि खोटा मजकूर, हे दोन शब्दसमूह एका वाक्यात वाचताना आधी गोंधळायला होतं. पासपोर्ट सरकारनेच दिला, कोणी छापखान्यात बनवला नाही, म्हणून अस्सल. पण सरकारने तो ज्या जन्मनोंदीवरून दिला ती नोंद खरी नव्हती. मूळ वहीतली एक ओळ चुकली की तिच्यावरून निघालेला प्रत्येक कागद, ओळखपत्रापासून पासपोर्टपर्यंत, शिक्क्यासकट खोटं बोलतो. नोंद मुळात कोणी घडवली यापेक्षा ती फिफापुढे कोणी ठेवली, याला इथे वजन आलं.

‘पुढच्या पात्रता फेरीत’ या शब्दांची किंमत आकड्यांतून दिसते. हेच ३ गुण २०२२ च्या तक्त्यातून कापले असते तर इक्वाडोर २६ वरून २३ वर आला असता. पेरू २४ गुणांनी चौथा आणि थेट पात्र. इक्वाडोर पाचवा, कोलंबियाच्या बरोबरीने पण सरस गोलफरकावर, म्हणजे प्लेऑफला. पेरूत या निकालाचा राग का आला हे यावरून समजतं. दुसऱ्या बाजूने पाहिलं तर स्पर्धेच्या बारा दिवस आधी गट बदलणं, तिकिटं, प्रवास, सगळं उलटवणं याला लवाद धजावला नसावा. या टप्प्यावर दुसरा कुठलाही निकाल अंमलात आणणं जवळपास अशक्य होतं. म्हणूनच तक्रारीची वेळ महत्त्वाची ठरते.

संघनिवडीचे सहा दिवस

निकालाप्रमाणे खेळाडू पात्र होता. त्याला कोणतीही बंदी नव्हती. पासपोर्टावरच्या तारखेने तो त्याच आठवड्यात २४ वर्षं पूर्ण करणार होता. दुसऱ्या कागदाने तो २७ चा झालेला होता.

महासंघापुढे पुन्हा निर्णय होता. नेलं तर त्याच पासपोर्टावर नाव नोंदवावं लागणार, ज्याचा मजकूर खोटा असल्याचं सहा दिवसांपूर्वी लवादाने सांगितलं. तोच कागद पुन्हा वापरणं म्हणजे कलम २१ पुन्हा ओढवून घेणं, आणि या वेळी ‘आम्हाला माहीत नव्हतं’ म्हणायची सोय नाही. नवा पासपोर्ट काढायला वेळ नाही. १४ नोव्हेंबरला २६ जणांची यादी आली तेव्हा त्यात त्याचं नाव नव्हतं. आणखी शिक्षेचा धोका टाळण्यासाठी त्याला वगळल्याचं महासंघाने सांगितलं.

त्या दिवशी तो निर्णय बरोबरच होता. पण सगळ्या प्रकरणात सर्वांत जास्त किंमत कोणी मोजली ते पाहा. ज्याने सहीशिक्के केले नाहीत, ज्याला लवादाने पात्र म्हटलं, तो घरी राहिला. ज्या महासंघाला दोषी धरलं, तो कतारला गेला. २० नोव्हेंबरला अल खोरमध्ये एन्नर वालेन्सियाने यजमानांविरुद्ध दोन गोल केले. पुढे नेदरलँड्सशी १-१ बरोबरी, सेनेगलकडून १-२ पराभव, आणि इक्वाडोर गटातूनच परतला. खेळाडू तोवर मेक्सिकोतल्या लिऑनमध्ये गेलेला होता. नंतर तो पुन्हा ग्वायाकिलच्या आपल्या क्लबकडे आला.

वेगळं काय करता आलं असतं

महासंघाने २०१८ ची मुलाखत फाईलमध्ये ठेवून द्यायला नको होती. चौकशीत शंका आली की तिचा लेखी निष्कर्ष निघायलाच हवा: नोंद खरी, नोंद खोटी किंवा अनिर्णित. अनिर्णित असेल तर खेळाडूला त्याच्या खर्चाने नव्हे, महासंघाच्या खर्चाने वकील देऊन नोंद सरळ करून घ्यायची. न्यायालयात जातानाही प्रश्न नीट विचारायचा. ‘हा आमचा नागरिक आहे का’ एवढंच विचारलं तर एवढंच उत्तर मिळतं. ‘जन्मतारीख आणि जन्मस्थळ कोणतं’ हे वेगळं विचारावं लागतं.

वय लपवलेल्या मुलांना परतीची वाट ठेवणंही जमू शकतं. भारतीय क्रिकेट मंडळाने २०२० मध्ये तसं केलं होतं. १५ सप्टेंबरपर्यंत जो स्वतःहून खरी तारीख सांगेल त्याला निलंबन नाही, योग्य वयोगटात खेळू द्यायचं. नंतर सापडला तर दोन वर्षांची बंदी. अशा योजनेत मुलाला खरं बोलण्याचं कारण मिळतं. २०१८ च्या त्या खोलीत बसलेल्या तरुणाला खरं सांगून मिळण्यासारखं काय होतं? संघातली जागा जाणार, करार जाणार, कदाचित देशही जाणार.

चिलीच्या बाबतीत, सांतियागोतला सामना १६ नोव्हेंबर २०२१ ला झाला आणि तक्रार आली मे २०२२ मध्ये, फेरी संपून तक्ता पक्का झाल्यावर. तीच तक्रार फेरी चालू असताना आली असती तर गुण कापायचे ते त्याच फेरीत कापण्याला अर्थ राहिला असता. शिवाय सगळा भर खेळाडू अपात्र ठरवण्यावर ठेवला गेला. खोट्या मजकुराचा मुद्दा, जो शेवटी टिकला, तोच मुख्य करून त्याच फेरीतली गुणकपात मागणं हा अधिक भक्कम दावा झाला असता. मात्र त्याचा फायदा पेरूला झाला असता, चिलीला नाही. १९ गुणांवरून वर येण्यासाठी त्यांना ते दोन सामनेच हवे होते.

फिफाने जूनमध्येच दोन्ही प्रश्नांची वेगळी उत्तरं दिली असती तर महासंघाला पाच महिने मिळाले असते. तेवढ्यात नोंद दुरुस्त होऊन नवा पासपोर्ट निघण्याची निदान शक्यता होती.

पुढे

२०२६ ची पात्रता फेरी इक्वाडोरने उणे ३ वर सुरू केली. ७ सप्टेंबर २०२३ ला ब्यूनोस आयरेसमध्ये अर्जेंटिनाकडून ०-१ पराभव, गोल मेस्सीच्या फ्री किकवर. पाच दिवसांनी कितोत उरुग्वेवर २-१ विजय, आणि तक्त्यात इक्वाडोरपुढे शून्य. या वेळी सहा संघ थेट जाणार होते, त्यामुळे ३ गुणांचा भार पूर्वीपेक्षा हलका होता. १८ सामन्यांत ८ विजय, ८ बरोबरी, २ पराभव आणि फक्त ५ गोल स्वीकारले. कमावलेले ३२, हातात २९, तरीही अर्जेंटिनामागे दुसरा क्रमांक.

पात्रता पक्की झाली ती १० जून २०२५ ला लिमात, पेरूविरुद्ध ०-० बरोबरीत. शेवटचा सामना ९ सप्टेंबरला ग्वायाकिलमध्ये होता. अर्जेंटिनावर १-० विजय, पेनल्टीवर गोल सान लोरेन्सोच्या एन्नर वालेन्सियाचा, आणि मैदान बार्सेलोना क्लबचं, जिथे हा बचावपटू घडला.